एअर चीफ मार्शल ह्यू डाउडिंग : लढाईच्या आधीची दहा वर्षे

नभांगण (धागालेखक)

१९४० च्या उन्हाळ्यात इंग्लंडच्या आकाशात जर्मन हवाई दलाशी जी लढाई (‘बॅटल ऑफ ब्रिटन’) झाली, तिच्याविषयी मराठीत जे वाचायला मिळते त्यात चर्चिल यांची भाषणे असतात, स्पिटफायर विमान असते आणि विशीतल्या वैमानिकांचे शौर्य असते. हे सगळे खरे आहे आणि महत्त्वाचेही आहे. पण त्या वैमानिकांचा सेनापती असलेले एअर चीफ मार्शल ह्यू डाउडिंग एखाद्या ओळीत येऊन जातात, हे मला फार दिवसांपासून खटकत आले आहे. त्या लढाईचा निकाल बऱ्याच अंशी ती सुरू होण्याआधीच्या दहा वर्षांत ठरला होता आणि त्या दहा वर्षांत एकाच माणसाचा हात सर्वाधिक काळ कामावर होता, असे माझे मत आहे. ते येथे सविस्तर मांडतो. जाणकारांनी भर घालावी आणि जेथे पटणार नाही तेथे विरोधही करावा.

डाउडिंग यांचा जन्म १८८२ साली स्कॉटलंडमधील मॉफट या गावी झाला. वडील शाळा चालवत असत. विंचेस्टरचे शिक्षण आणि वूलिचची लष्करी अकादमी संपवून ते तोफखान्यात दाखल झाले आणि जिब्राल्टर, सिलोन, हाँगकाँग व हिंदुस्थान येथे त्यांची नोकरी झाली. १९१३ च्या डिसेंबरात त्यांनी ब्रुकलँड्स येथे विमान चालवण्याचा परवाना मिळवला, तेव्हा ते एकतीस वर्षांचे होते. त्या काळच्या वैमानिकांच्या मानाने हे वय जास्तच म्हणावे लागेल. पहिल्या महायुद्धात ते फ्रान्समध्ये लढले आणि १६ क्रमांकाच्या स्क्वाड्रनचे (विमानांच्या तुकडीचे) प्रमुख झाले. दोन युद्धांमधील त्यांच्या बऱ्याचशा नेमणुकांवरून मी लवकर पुढे जातो, कारण खरी कथा १९३० मध्ये सुरू होते.

त्या वर्षीच्या सप्टेंबरात त्यांच्याकडे हवाई मंडळातील पुरवठा आणि संशोधन हे खाते आले. महिनाभरातच, ५ ऑक्टोबरच्या पहाटे, आर-१०१ हे प्रचंड वायुपोत (हलका वायू भरलेले हवाई जहाज) फ्रान्समधील बोव्हे गावाजवळ कोसळले आणि ५४ पैकी ४८ जणांचा मृत्यू झाला. हे वायुपोत कराचीला निघाले होते, आणि कराची त्या वेळी मुंबई इलाख्यात होते. उड्डाणाच्या मंजुरीच्या वेळी खात्यात नवखे असलेले डाउडिंग वरिष्ठांच्या घाईपुढे आडवे आले नव्हते. आणखी चाचण्यांचा आग्रह आपण धरायला हवा होता, असे त्यांनी पुढे स्वतःच म्हटले. यानंतर कोणतेही यंत्र प्रत्यक्ष चाचणी पाहिल्याशिवाय स्वीकारायचे नाही, ही त्यांची रीत शेवटपर्यंत दिसते.

याच रीतीचा पुढचा प्रसंग म्हणजे रडार. १९३५ च्या आरंभी रॉबर्ट वॉटसन-वॉट यांनी रेडिओलहरींच्या परावर्तनावरून विमान शोधता येईल, असे गणित मांडले. डाउडिंग यांनी कागदावरच्या गणितावर पैसे देण्यास नकार दिला आणि प्रात्यक्षिक मागितले. २६ फेब्रुवारी १९३५ रोजी डॅव्हेंट्रीजवळच्या शेतात एका गाडीत उपकरणे ठेवून, बीबीसीच्या प्रक्षेपकाच्या लहरींमधून एक हेफर्ड बॉम्बफेकी विमान फिरवण्यात आले आणि सुमारे १३ किलोमीटरपर्यंत त्याचा मागोवा लागला. त्यानंतर मात्र त्यांनी हात आखडता घेतला नाही. पहिली रक्कम होती १०,००० पौंडांची. हरिकेन आणि स्पिटफायर या दोन्ही विमानांची सुरुवातही याच खात्यात त्यांच्या कारकिर्दीत झाली. १९३२ मध्ये ज्येष्ठ मंत्री बॉल्डविन यांनी संसदेत सांगितले होते की बॉम्बफेकी विमान कसेही करून आत शिरणारच. हवाई दलातील बहुसंख्य वरिष्ठांची श्रद्धाही हीच होती की बचाव अशक्य आहे आणि प्रतिहल्ला हाच उपाय आहे. अशा वातावरणात बचावाच्या साधनांवर खर्च करणे हे मोठ्या धारिष्ट्याचे काम होते.

१४ जुलै १९३६ रोजी फायटर कमांडची, म्हणजे ब्रिटनच्या लढाऊ विमानांच्या दलाची, स्थापना झाली आणि डाउडिंग तिचे पहिले प्रमुख झाले. लंडनच्या वायव्येला स्टॅनमोर येथील बेंटली प्रायरी या जुन्या वाड्यात त्यांचे मुख्यालय होते. तेथे त्यांनी जे उभे केले, ते मला त्यांच्या कारकिर्दीचे खरे शिखर वाटते.

किनाऱ्यावरची रडार केंद्रे फक्त समुद्राकडे पाहू शकत. शत्रूची विमाने एकदा जमिनीवर आली की त्यांचा माग डोळ्यांनी आणि कानांनी घ्यावा लागे, आणि ते काम ऑब्झर्व्हर कोअरचे सुमारे ३०,००० निरीक्षक हजाराहून अधिक चौक्यांवरून करीत. रडारची सगळी खबर प्रथम बेंटली प्रायरीच्या एका खोलीत येई. एकाच टोळीविषयी दोन-तीन केंद्रांकडून आलेल्या विसंगत आकड्यांची तेथे छाननी होई आणि त्यातून एकच मार्ग निश्चित करून तो खाली ग्रुपकडे (कमांडचा प्रादेशिक विभाग) आणि सेक्टरकडे (ग्रुपचा उपविभाग) एकाच वेळी कळवला जाई. कोणत्या स्क्वाड्रनने उडायचे हे ग्रुप ठरवी; उडालेल्या विमानांना कोणत्या दिशेने आणि किती उंचीवर जायचे हे सेक्टरचा नियंत्रक रेडिओवरून सांगे. आपली विमाने कोठे आहेत हे कळावे म्हणून त्यांच्यातील एक उपकरण दर मिनिटाला १४ सेकंद आपोआप संकेत सोडी. मोठ्या नकाशावर या टोळ्यांच्या खुणा लांब काठ्यांनी सरकवणाऱ्या बहुतेक महिला हवाई दलातील तरुण मुली होत्या. या सगळ्याला जोडणाऱ्या टेलिफोनच्या तारा टपाल खात्याने टाकल्या होत्या, आणि त्या जमिनीखालून नेण्याचा आग्रह डाउडिंग यांचा होता.

यामुळे विमानांना तासन्‌तास आकाशात गस्त घालण्याची गरज उरली नाही. थोडी विमाने आणि त्याहून थोडे वैमानिक हाताशी असताना हा फरक जीवनमरणाचा होता.

ही व्यवस्था पहिल्याच दिवसापासून बिनचूक चालली नाही. युद्धाच्या चौथ्या दिवशी, ६ सप्टेंबर १९३९ रोजी, चुकीच्या खबरीवरून उडालेल्या स्पिटफायर विमानांनी आपल्याच दोन हरिकेन पाडल्या आणि एक तरुण वैमानिक मारला गेला. त्यानंतर मित्र-शत्रू ओळखण्याच्या साधनांची निकड सर्वांना पटली. जर्मन आघाडी इंग्लंडकडे वळण्यापूर्वी अशा दुरुस्त्यांसाठी दहा महिने मिळाले, हे ब्रिटनचे भाग्यच होय.

शेवटी १६ मे १९४० च्या पत्राविषयी. फ्रान्स कोसळत होता आणि फ्रेंच सरकार आणखी लढाऊ स्क्वाड्रन मागत होते. चर्चिल यांचा कल देण्याकडे होता. आदल्या दिवशी मंत्रिमंडळापुढे बाजू मांडल्यावरही डाउडिंग यांचे समाधान झाले नव्हते, म्हणून त्यांनी हवाई मंत्रालयाला दहा कलमांचे पत्र लिहिले. देशाच्या रक्षणासाठी ५२ स्क्वाड्रन लागतील असे मंत्रालयानेच मान्य केले होते आणि आता ३६ उरल्या आहेत, याची त्यांनी आठवण करून दिली. किमान किती बळ मायदेशी ठेवणार ते ठरवावे आणि त्यापुढे एकही विमान पाठवू नये, अशी त्यांची मागणी होती. फ्रान्स वाचवण्याच्या निकराच्या प्रयत्नात घरचे बळ संपले, तर फ्रान्सच्या पराभवाबरोबर ब्रिटनचाही अंतिम आणि कधीही न भरून निघणारा पराभव होईल, हे शेवटच्या कलमात त्यांनी स्पष्ट शब्दांत लिहिले. त्यात एकही विशेषण वाढीव नाही. नव्या पंतप्रधानांना, तेही पदावर येऊन आठवडा उलटण्यापूर्वी, असा विरोध करण्यास जे नैतिक बळ लागते ते मला रणांगणावरील शौर्याइतकेच मोठे वाटते.

लढाई १० जुलै ते ३१ ऑक्टोबर अशी मोजली जाते. तीत सुमारे ३,००० वैमानिक आणि विमानसैनिक लढले आणि त्यांपैकी ५४४ जण मारले गेले. आणि २४ नोव्हेंबरला डाउडिंग यांना पदावरून दूर करण्यात आले.

---

तोफखाना

उत्तम लेख. हिंदुस्थानातील वर्षांविषयी थोडी भर घालतो. डाउडिंग तेथे पहाडी तोफखान्यात होते, म्हणजे खेचरांवर लादून नेता येणाऱ्या सुट्या भागांच्या तोफा. एका युद्धसरावात त्यांच्या तुकडीने गुरख्यांची एक तुकडी सकाळची न्याहारी चालू असतानाच गाठली. त्या गुरखा तुकडीचे अधिकारी होते सिरिल न्यूऑल. १९३७ मध्ये हवाई दलाचे प्रमुखपद डाउडिंग यांना मिळेल अशी अपेक्षा असताना ते याच न्यूऑल यांना देण्यात आले, आणि पुढची तीन वर्षे स्क्वाड्रन, विमाने व निवृत्तीची तारीख या प्रत्येक प्रश्नावर डाउडिंग यांचा पत्रव्यवहार त्यांच्याशीच चालला.

आपण पहिल्या महायुद्धावरून लवकर पुढे गेलात, पण तेथे एक प्रसंग आहे जो सोडू नये. १९१६ मध्ये सोमच्या लढाईत फार मोठी हानी सोसलेल्या स्क्वाड्रनला विश्रांती द्यावी, असा आग्रह डाउडिंग यांनी फ्रान्समधील ब्रिटिश हवाई दलाचे प्रमुख ट्रेंचर्ड यांच्याकडे धरला. विश्रांती मिळाली, परंतु डाउडिंग निराशावादी आहेत असा ग्रह ट्रेंचर्ड यांनी करून घेतला आणि त्यांना मायदेशी पाठवले. युद्धानंतर हवाई दलात कायम नेमणूक मिळण्यातही यामुळे अडचण आली. माझ्या मते १९४० च्या पत्राचे मूळ येथे आहे. वैमानिक संपले की केवळ उत्साहाने त्यांची जागा भरत नाही, हे त्यांनी चोवीस वर्षे आधीच पाहिले होते.

---

जुनाहिशेबी

लेख अभ्यासपूर्ण आहे, मात्र तो एका बाजूने झुकलेला आहे असे नम्रपणे नोंदवतो. व्यवस्था उभारणारा माणूस आणि माणसे हाताळणारा माणूस हे एकच असतात असे नाही, आणि डाउडिंग दुसऱ्या कामात कमी पडले.

११ क्रमांकाच्या ग्रुपचे प्रमुख कीथ पार्क आणि १२ क्रमांकाच्या ग्रुपचे ट्रॅफर्ड ली-मॅलरी यांच्यातील वाद सर्वश्रुत आहे. लंडन आणि आग्नेय इंग्लंड पार्क यांच्याकडे होते. शत्रू काही मिनिटांत डोक्यावर येत असल्याने ते एक-दोन स्क्वाड्रन ताबडतोब वर पाठवीत. ली-मॅलरी आणि त्यांच्या हाताखालचे डग्लस बाडर यांना डक्सफर्डवरून तीन ते पाच स्क्वाड्रनचा मोठा समूह एकत्र करून हल्ला चढवायचा होता. समूह जमेपर्यंत वेळ जाई, आणि दरम्यान पार्क यांच्या ज्या विमानतळांचे रक्षण ली-मॅलरी यांनी करायचे ते उघडे पडत. हा मतभेद कोणाचा बरोबर हे बाजूला ठेवू. दोघेही डाउडिंग यांच्या हाताखालचे होते. दोघांना समोर बसवून एकदाच निर्णय देणे हे सेनापतीचे काम होते आणि ते त्यांनी वेळेवर केले नाही. परिणामी १७ ऑक्टोबरला हवाई मंत्रालयात बैठक भरली, तिला स्क्वाड्रन पातळीवरचे बाडर हजर होते, आणि डाउडिंग व पार्क यांना आरोपींप्रमाणे उत्तरे द्यावी लागली.

दुसरा मुद्दा रात्रीच्या हल्ल्यांचा. सप्टेंबरपासून लंडन रोज रात्री जळत होते. १४ नोव्हेंबरच्या रात्री कॉव्हेंट्री उद्ध्वस्त झाले. त्या रात्री लढाऊ विमाने जवळजवळ निरुपयोगी ठरली. सरकारला काहीतरी करून दाखवणे भाग होते.

---

नभांगण (धागालेखक)

जुनाहिशेबी यांचा पहिला मुद्दा मला मान्य आहे, आणि तो मान्य केल्याने डाउडिंग लहान होतात असे मला वाटत नाही. ग्रुपच्या प्रमुखांना लढाईचे दैनंदिन नियंत्रण सोपवायचे आणि स्वतः राखीव बळ, वैमानिकांची भरती व पुढच्या महिन्याची चिंता वाहायची, असे त्यांनी ठरवले होते. या पद्धतीत वरून हस्तक्षेप कमी होतो आणि म्हणून पार्क यांना मोकळेपणाने लढता आले. त्याच पद्धतीमुळे ली-मॅलरी यांनाही मोकळीक मिळाली. हाताखालचा माणूस आपल्यामागे मंत्रालयात संधान बांधील, अशी शंका त्यांना आली नाही. बाडर यांच्या स्क्वाड्रनमधील एक अधिकारी संसदेचे सदस्य होते आणि त्यांनी हा विषय थेट राजकीय वर्तुळात नेला. यावर लक्ष ठेवणे हे डाउडिंग यांच्या स्वभावात नव्हते. सहकाऱ्यांनी त्यांना दिलेले ‘स्टफी’ हे टोपणनाव त्यांच्या याच अबोल, ताठर वागण्यावरून पडले होते.

रात्रीच्या हल्ल्यांबाबत मात्र मी असहमत आहे. डाउडिंग यांचे म्हणणे होते की रात्री शत्रू शोधायचा तर विमानातच रडार बसवावे लागेल, आणि तोवर दिवसाची विमाने अंधारात पाठवणे म्हणजे अपघातांत वैमानिक गमावणे. उलट रात्रीच्या हवाई बचावाचा विचार करण्यासाठी नेमलेल्या सामंड समितीला तात्काळ उपाय हवे होते, आणि समितीनंतर स्वतः सामंड यांनी डाउडिंग यांना हटवण्यासाठी जोर लावला. आता तारखा पाहाव्यात. रडार बसवलेल्या ब्यूफायटर विमानाने पहिले शत्रूविमान पाडले ते १९ नोव्हेंबरच्या रात्री, म्हणजे डाउडिंग यांच्या शेवटच्या आठवड्यात. १९४१ च्या वसंत ऋतूत ज्या यशाचे श्रेय नव्या नेतृत्वाला मिळाले, ते याच मार्गाने आले होते.

एक गोष्ट मूळ लेखात राहिली. सप्टेंबरच्या आरंभी वैमानिकांची टंचाई इतकी वाढली की स्क्वाड्रनची तीन वर्गांत विभागणी करावी लागली. पहिला वर्ग आग्नेयेत लढणारा. दुसरा त्याला बदली देण्यास तयार. आणि तिसऱ्या वर्गातील स्क्वाड्रनचे अनुभवी वैमानिक पाच-सहा सोडून बाकीचे काढून पहिल्या वर्गाला द्यायचे. स्क्वाड्रन म्हणजे एक कुटुंब असते आणि ते फोडणे डाउडिंग यांना अत्यंत जड गेले. त्यांचा स्वतःचा मुलगा डेरेक ७४ क्रमांकाच्या स्क्वाड्रनमधून याच लढाईत उडत होता, हे येथे लक्षात घ्यावे.

---

परिमिता

रडारविषयी एक शंका. जर्मनांकडेही रडार होते आणि काही बाबतींत ते अधिक अचूक होते, असे वाचले आहे. मग फरक नेमका कशात पडला?

---

तोफखाना

परिमिताताई, आपण वाचले ते बरोबर आहे. जर्मनांचे ‘फ्रेया’ आणि ‘व्युर्त्सबुर्ग’ हे संच यंत्र म्हणून ब्रिटिश किनारी रडारपेक्षा सुबक होते. परंतु रडारने दिलेली खबर आकाशातल्या वैमानिकापर्यंत मिनिटभरात पोहोचवणारी साखळी त्या वेळी त्यांच्याकडे नव्हती. ब्रिटिशांनी ती रडार पुरेसे तयार होण्याआधीच आजमावायला घेतली होती. १९३६ मध्ये शास्त्रज्ञ हेन्री टिझर्ड यांच्या मार्गदर्शनाखाली बिगिन हिल येथे, रडारकडून खबर मिळते असे गृहीत धरून, जमिनीवरून विमानांना शत्रूच्या वाटेवर नेण्याचे प्रयोग महिनोन्‌महिने चालले. जर्मन गुप्तवार्ता खात्याला ब्रिटिश रडार आहे हे ठाऊक होते. त्यामागची यंत्रणा मात्र त्यांना शेवटपर्यंत नीट उमगली नाही. म्हणूनच ऑगस्टमध्ये रडारच्या मनोऱ्यांवर हल्ले करून त्यांनी ते लवकरच सोडून दिले.

---

मुळामुठा

पदावरून गेल्यानंतरच्या डाउडिंग यांचा एक धागा पुण्यापर्यंत येतो, तो नोंदवते. १९४२ मध्ये निवृत्त झाल्यावर ते परलोकविद्येकडे वळले. मृत वैमानिकांशी आपला संवाद होतो असे ते उघडपणे सांगत आणि लिहीत. त्यावर पुष्कळ टीका झाली. ज्या माणसाच्या आज्ञेवरून शेकडो मुले गेली, त्याच्या या श्रद्धेकडे मी करुणेने पाहते. त्यांनी मांसाहार सोडला, आणि लॉर्ड सभेत प्राण्यांवरील क्रूर प्रयोगांविरुद्ध भाषणे केली. १९५१ मध्ये त्यांनी म्यूरिएल व्हायटिंग यांच्याशी दुसरा विवाह केला. त्यांचे पहिले पती हवाई दलात असताना युद्धात मारले गेले होते. म्यूरिएल डाउडिंग यांनी १९५९ मध्ये ‘ब्यूटी विदाउट क्रुएल्टी’ ही संस्था काढली. प्राण्यांना यातना देऊन मिळवलेली कातडी, फर आणि सौंदर्यप्रसाधने टाळण्याची ही चळवळ होती. तिचीच भारतीय शाखा १९७४ मध्ये सुरू झाली आणि तिचे कार्यालय आज पुण्यात आहे. रेशीम, चांदीचा वर्ख, औषधांच्या कॅप्सूल यांत काय असते, हे पुण्या-मुंबईतल्या कितीतरी घरांना प्रथम याच संस्थेमुळे कळले.

---

जुनाहिशेबी

मुळामुठा यांची माहिती मला पूर्णपणे नवी होती. आभार.

रात्रीच्या लढाईसंबंधी नभांगण यांनी दिलेल्या तारखा निर्णायक आहेत हे मान्य करतो. तरीही आणखी एक गोष्ट विचारात घ्यावी लागेल. डाउडिंग अठ्ठावन्न वर्षांचे होते, चार वर्षांहून अधिक काळ एकाच पदावर होते, आणि त्यांची निवृत्तीची तारीख १९३९ पासून वारंवार पुढे ढकलली जात होती. त्यांना बदलणे हा अन्याय नव्हता. अन्याय झाला तो बदलण्याच्या रीतीत आणि त्यानंतर. १९४१ मध्ये हवाई मंत्रालयाने या लढाईची अधिकृत पुस्तिका काढली. तिच्या लाखो प्रती खपल्या आणि तीत डाउडिंग यांचे नाव एकदाही आले नाही. चर्चिल यांनी हवाई मंत्री सिंक्लेअर यांच्याकडे याबद्दल तीव्र नाराजी व्यक्त केली होती. पार्क यांनाही डिसेंबरमध्ये ११ ग्रुपवरून हलवले आणि त्यांच्या जागी आले ते ली-मॅलरी.

---

परिमिता

डाउडिंग यांना हवाई दलाचे मार्शल हे सर्वोच्च पद का मिळाले नाही?

---

नभांगण (धागालेखक)

जुनाहिशेबी यांनी केलेला बदली आणि तिची रीत हा भेद मी स्वीकारतो.

परिमिताताई, ते पद सर्वसाधारणपणे हवाई दलाच्या सर्वोच्च प्रमुखालाच दिले जाते आणि डाउडिंग कधी त्या खुर्चीवर बसले नव्हते, हे कारण तेव्हा पुढे करण्यात आले. १९४३ मध्ये त्यांना सरदारकी देण्यात आली आणि त्यांनी आपल्या उपाधीसाठी बेंटली प्रायरीचे नाव घेतले. परंतु १ जानेवारी १९४६ रोजी ते सर्वोच्च पद आर्थर हॅरिस यांना आणि शोल्टो डग्लस यांना देण्यात आले. दोघांपैकी कोणीही हवाई दलाचे सर्वोच्च प्रमुख झालेले नव्हते, आणि डग्लस तर १७ ऑक्टोबरच्या त्या बैठकीचे अध्यक्ष होते व डाउडिंग यांच्या जागी फायटर कमांडवर आले होते. म्हणजे नियमाला अपवाद करता येत होता. त्याच वर्षीच्या सप्टेंबरात, लिहून झाल्यावर पाच वर्षांनी, डाउडिंग यांचा लढाईवरील अधिकृत अहवाल सरकारी राजपत्रात प्रसिद्ध झाला. ज्यांना वेळ आहे त्यांनी तो मुळातून अवश्य वाचावा. त्यात ली-मॅलरी यांच्याविरुद्ध तक्रारीचा सूर नाही, आणि व्यवस्थेतील उणिवांवर मात्र पाने खर्ची घातली आहेत.